शुभदाची दोरी

त्या संध्याकाळी मी चालायचे बूट घालून सोफ्यावर बसले होते. जायचं कुठेच नव्हतं. शुभदा हॉस्पिटलमध्ये होती, आमचं रोजचं फिरणं कधीच बंद पडलं होतं. पण सात वाजत आले की माझे हात आपोआप बुटांकडे जातात, त्याला मी तरी काय करू? नाड्या बांधून झाल्यावर डोक्यात प्रकाश पडला, की बाई गं, निघालीस कुणाबरोबर? तेवढ्यात फोन वाजला. रेवाचा मेसेज होता. रेवा म्हणजे शुभदाची लेक, वाढली सगळी सिंगापूरच्या शाळेत. मराठी कळतं सगळं, पण तोंडातून येतं ते इथलंच. 'मावशी, आई गॉन ऑलरेडी. पप्पा नॉट टॉकिंग. यू कम, कॅन?' एवढंच. मी तशीच उठले... बूट घातलेले होतेच.

दुसऱ्या दिवशी तिला घरी आणलं, आणि न्यायची वेळ नेमकी भर दुपारची आली. इथल्या इमारतींचा तळमजला मोकळा असतो, व्हॉइड डेक म्हणतात त्याला. लग्न असो की मयत, सगळं तिथेच. तिथून गाडी उभी होती ते अंतर केवढंसं! पण ऊन असं, की उघड्या डोळ्यांनी रस्त्याकडे बघवत नव्हतं. चौघांनी तिला उचललं, सावली संपली, आणि महेशने, म्हणजे तिच्या नवऱ्याने, काखेतली काळी छत्री फटकन उघडून तिच्या चेहऱ्यावर धरली. गुरुजी वळून बघायला लागले. एक गृहस्थ पुढे होऊन 'अहो, आता कशाला...' म्हणणार, तेवढ्यात मी त्यांचा दंड असा दाबला, की त्यांचं वाक्य घशातच राहिलं. गाडीचं दार लागेपर्यंत महेशने छत्री मिटली नाही. त्याचा स्वतःचा सदरा घामाने पाठीला चिकटला होता. इतका वेळ मी रडले नव्हते, तिथे मात्र मला हुंदका आवरला नाही.

वाचणाऱ्याला या छत्रीचं काही कळायचं नाही, म्हणून पहिल्यापासून सांगते.

शुभदा पुण्याची, आणि पुण्यातल्या निम्म्या हुशार मुलींसारखी जपानी शिकलेली. चाकणच्या एका कारखान्यात ती दुभाषी होती. जपानी साहेब तावातावाने पाच मिनिटं बोलायचा आणि ही कामगारांना मराठीत सांगायची, 'साहेब म्हणतात, जरा बघून घ्या.' त्याच कारखान्याने तिला काही महिने जपानला पाठवलं होतं. तिथे ती एका म्हाताऱ्या बाईंच्या घरात वरच्या खोलीत राहायची. त्या बाई रोज उजाडताना अंगणात येऊन उगवतीकडे तोंड करून दोन टाळ्या वाजवत आणि वाकून नमस्कार करत. शुभदाने विचारलं, तर म्हणाल्या, ही आमातेरासु, आमची सूर्यदेवी. शुभदा ते मला सांगायची तेव्हा तिचे डोळे असे चमकायचे! 'सूर्य बाई आहे म्हटल्यावर मला इतकं बरं वाटलं ना, नीला. वर्षाचे बारा महिने, एक खाडा नाही, वेळेवर हजर... बाईच असणार की.'

लग्नानंतर महेशची नोकरी जुरोंग आयलंडला लागली आणि ती त्याच्या पाठोपाठ इकडे आली. जुरोंग आयलंड म्हणजे सगळे तेलशुद्धीकरणाचे आणि रसायनांचे कारखाने. महेश तिथे सुरक्षा विभागात. हिच्या हातात आला डिपेंडंट पास. त्यावर नोकरी करायची म्हणजे मोठी यातायात, आणि जपानी जाणणारी माणसं इथे खंडीभर. 'कार्डावरच छापून दिलंय बघ, ही अवलंबून आहे,' असं म्हणून ती ते कार्ड मला दाखवायची आणि हसायची. पण ते हसणं वरवरचं होतं. घरात जपानी बोलायला कुणी नाही, बाहेर बोलवायला कुणी नाही. मी हिशेब तपासणारी बाई, दिवसभर ऑफिसात. मला तिच्या त्या रिकाम्या दुपारी तेव्हा नीटशा उमगल्या नव्हत्या.

आमची गट्टी जमली ती रथसप्तमीला. आमच्या चोआ चू कांग वस्तीतल्या मराठी मंडळाने मुलांसाठी कार्यक्रम ठरवला होता. रांगोळीचा रथ काढायचा, दूध उतू घालायचं, आणि सूर्याची एक गोष्ट. गोष्ट शुभदाकडे आली. मंडळातल्या दामलेकाकांना आदल्या दिवशी सुगावा लागला की गोष्ट जपानची आहे. 'सूर्यनारायण आणि बाई? काहीतरीच काय!' शुभदा शांतपणे म्हणाली, 'काका, आपल्याकडे पण आदित्याबरोबर राणूबाई आहेच ना श्रावणातल्या रविवारी? तिथे जपानात ती जरा पुढे येऊन उभी राहिलीय, एवढंच.' काकांनी हात टेकले. मग ती माझ्याकडे वळली. मी तेव्हा नुसती बघ्याच्या भूमिकेत होते. मला नखशिखान्त न्याहाळून म्हणाली, 'तुम्ही मंगळागौर खेळता ना? छान ऐसपैस आहात. तुम्ही माझी उझुमे.' ऐसपैस! ओळख ना पाळख, आणि मला ऐसपैस म्हणते!

तर गोष्ट अशी. आमातेरासुचा एक भाऊ सुसानोओ, वादळांचा देव, महा उपद्व्यापी. त्याने बहिणीच्या भातशेतीचे बांध फोडले, तिच्या स्वच्छ दिवाणखान्यात घाण केली, आणि शेवटी कहर म्हणजे, तिच्या बायका विणत बसल्या होत्या त्या माजघरात छपरातून सोललेला घोडा फेकला. एक पोरगी दचकून जिवानिशी गेली. आमातेरासु भांडली नाही, ओरडली नाही. उठली, डोंगरातल्या गुहेत गेली आणि आतून शिळा लावून घेतली. जगात काळाकुट्ट अंधार. सगळे देव गुहेसमोर जमले. कोंबडे आरवले, झाडाला आरसा टांगला, पण शिळा ढिम्म हलेना. तेव्हा उझुमे नावाची एक खट्याळ देवी पुढे आली. तिने एक टब उपडा घातला, त्यावर चढली, आणि पाय आपटून असा काही नाच केला, की देवांची हसून हसून मुरकुंडी वळली. आतली विचारात पडली, की मी इथे आत, बाहेर अंधार, आणि हे हसतायत कशाला? म्हणून तिने शिळा जराशी सरकवली, समोरच्या आरशात आपलंच तेज तिला दिसलं, ती पुढे झाली, एका दांडगट देवाने हात धरून तिला बाहेर ओढलं, आणि दुसऱ्याने चटकन तिच्या पाठीमागे गुहेच्या तोंडाला गवताची दोरी बांधून टाकली. आता आत जायचं नाही!

आमच्या कार्यक्रमात गुहा म्हणजे दोन खांबांना बांधलेली चादर, आत शुभदा, आणि माझ्यासमोर तिच्या बाथरूममधला निळा प्लॅस्टिकचा टब. मी पदर खोचला आणि चढले. झिम्मा झाला, पिंगा झाला, कंबर हलवून झाली. मुलं खदखदत होती, एक पोरगा इथल्यासारखं शेवटी 'लाह' लावून ओरडला, 'आंटी सो पॉवरफुल, लाह!' आणि तेवढ्यात काड्कन आवाज होऊन टबाला उभी चीर गेली आणि मी एका पायावर लटपटले. सगळा व्हॉइड डेक हसून लोळला. दामलेकाकासुद्धा. आणि चादरीतून शुभदाचं डोकं बाहेर आलं. 'काय झालं गं? काय झालं?' तिची वेळ झालीच नव्हती! आरसा धरायचा राहून गेला, छोट्या रेवाने आईचा हात धरून तिला खेचलं, बाकीच्यांनी दोरी बांधली, आणि गोष्ट संपली. घरी जाताना मी माफी मागत होते टबाची, तर ती म्हणाली, 'टबाचं सोड. आज मला ती गोष्ट कळली. हाका मारून कुणी बाहेर येत नसतं, नीला. बाहेर कसला आवाज चाललाय, हे बघायला येतं माणूस.' आणि मग थोडं थांबून, 'ती दोरी मात्र मला आवडत नाही. तिला विचारलं का कुणी?' तो फुटका टब तिने टाकला नाही. त्यात कपड्यांचे चिमटे ठेवायला लागली.

मग तिचं दुखणं सुरू झालं. आधी बोटांचे सांधे धरले, मग नाकावरून दोन्ही गालांवर लाल चट्टा पसरला. आम्हाला वाटलं, उन्हाने रापलीय. डॉक्टर म्हणाले, ल्युपस. शरीर आपल्याच शरीराशी भांडायला लागतं, आणि ऊन लागलं की ते भांडण पेटतं. तिच्या बाबतीत तर फारच. त्वचेवरून थेट सांध्यांत, मूत्रपिंडात. ऊन पूर्ण बंद! आणि हे कुठे, तर सिंगापुरात. इथे सूर्य रोज सातच्या सुमाराला उगवतो आणि रोज सातच्याच सुमाराला मावळतो. हिवाळा नाही, लहान दिवस नाही, एका महिन्याचीसुद्धा सवलत नाही. माझ्या तोंडून निघून गेलं, 'तुलाच बरं हे व्हावं!' तशी ती म्हणाली, 'हो ना. इतकी तिची गाणी गायली, आणि माझंच तोंड बघवेना तिला.'

महेशने घर हातात घेतलं. तो कामावर जे करतो तेच त्याने घरी केलं, दुसरं त्याला येतच नव्हतं. त्यांच्याकडे परवान्याशिवाय कुणाला ठिणगीसुद्धा पाडता येत नाही. त्याने सगळ्या काचांना ऊन अडवणारी फिल्म लावली, त्यावर जाड पडदे, पडद्यांच्या कडांना चिकटपट्टी. दिवे बदलले. दवाखान्यात न्यायचं झालं, की काळी छत्री सतत तिच्या डोक्यावर. सकाळी अंधारात कंपनीच्या बसला जायच्या आधी तो प्रत्येक पडदा हाताने चाचपून बघायचा. दुपारी फोन, 'आत आहेस ना?' कॉरिडॉरमध्ये पार्सल घ्यायला गेली तरी ते त्याला कळवायचं. ती म्हणायची, 'तिथे हा माणसांना गेटच्या आत सोडत नाही, इथे बाहेर सोडत नाही.' मी एकदा त्याला म्हटलंही, अरे, जरा सैल सोड. तो माझ्याकडे असा बघायला लागला... 'नीलाताई, माझ्या कामात सैल सोडलं की माणूस जातो.' त्याच्यावर चिडायचं तरी कसं? तो आपला वाळत चालला होता, ती आत कोंडली होती, आणि दोघंही एकमेकांसाठीच करत होते सगळं.

एका दुपारी मी अर्धी रजा टाकून तिच्याकडे गेले. त्या बेडरूममध्ये मला दहा मिनिटांत गुदमरायला झालं. बाहेर कोकीळ ओरडत होती, खाली मुलं चेंडू आपटत होती, आणि आत दिवस की रात्र तेच कळू नये असा पिवळट उजेड. इथे खिडकीबाहेर बांबूंवर कपडे वाळत घालतात. त्यांच्याकडे वरकामाला येणारी बाई कडकडीत वाळलेला टॉवेल आत ठेवून गेली, तर शुभदाने तो उचलला आणि त्यात तोंड खुपसून बसली. किती वेळ! मला वाटलं, रडतेय. तर नाही. 'उन्हाचा वास येतो गं याला,' म्हणाली. 'तू पण घे.' मी घेतला. आणि पाणी आणायच्या निमित्ताने स्वयंपाकघरात पळाले.

औषधांनी तिचा चेहरा सुजून गोल गरगरीत झाला. घरातले आरसे तिनेच उतरवायला लावले. पण जीभ होती तशीच तिखट. 'आता मी चंद्रदेव झालेय, त्सुकुयोमी. सूर्याचा दुसरा भाऊ.' आणि लगेच त्याची गोष्ट. आमातेरासुने त्याला अन्नदेवतेकडे जेवायला पाठवलं. तिने बिचारीने मोठ्या हौसेने तोंडातून भात काढला, मासे काढले, पानं वाढली. हा बघतो तर काय, उष्टं! संतापून तिला मारूनच टाकलं. आमातेरासु म्हणाली, तुझं तोंड मला पुन्हा दाखवू नकोस. तेव्हापासून सूर्य दिवसा आणि चंद्र रात्री. 'सोवळ्याचा अतिरेक, दुसरं काय!' शुभदा म्हणाली. 'अगदी माझ्या आत्याचा चेला शोभतो.' मी खो खो हसले. मग ती म्हणाली, 'पण बघ ना, जेवायला घालणारी मेली, आणि शिक्षा काय, तर एकमेकांचं तोंड बघायचं नाही. महेश आणि मी पण तसेच झालोय. तो उजाडायच्या आत जातो, परत येतो तेव्हा मी औषधांनी झोपलेली. एका घरात राहतो आणि भेटत नाही.'

त्याच सुमाराला पुण्याहून तिची आई आली. काकू जुन्या वळणाच्या, गोड, आणि कोवळ्या उन्हावर त्यांची अपार श्रद्धा. तान्ह्या बाळाला कोवळं ऊन, बाळंतिणीला कोवळं ऊन, म्हाताऱ्याच्या गुडघ्यांना कोवळं ऊन. आपल्याकडे कुणाच्या घरी नाही हे? रोज सकाळी त्या तांब्या घेऊन कॉरिडॉरच्या टोकाला उभ्या राहून सूर्याला लेकीसाठी अर्घ्य द्यायच्या. डॉक्टरांनी सांगितलं, महेशने सांगितलं, मी सांगितलं. काकू मान डोलवायच्या आणि म्हणायच्या, 'ते दुपारचं ऊन, हो. सकाळचं कोवळं ऊन कधी कुणाला बाधलंय का?' आणि महेशची बस गेली, रेवा शाळेत गेली, की मायलेकी खुर्च्या टाकून कॉरिडॉरमध्ये बसायच्या. आई लेकीच्या केसांना तेल लावायची. चार-पाच सकाळी झालं हे. मग शुभदाला ताप भरला, अंगभर चट्टे उठले, पाय सुजले, आणि तिला हॉस्पिटलात न्यावं लागलं. मूत्रपिंडांना तेव्हा जो धक्का बसला तो पुढे पुरता भरून आलाच नाही.

महेश सासूला एक शब्द बोलला नाही. ते न बोलणंच भयंकर होतं. काकू माझ्यासमोर हात जोडून रडल्या, 'अहो, तो देव आहे. तो कसं वाईट करेल माझ्या मुलीचं?' मी शुभदावरच उखडले. त्यांना नाही कळलं, तुला कळत होतं ना? ती पलंगावर पडल्या पडल्या म्हणाली, 'आईला कशाला बोलताय सगळे? मलाच जायचं होतं. नीला, ते ऊन हातावर पडलं ना पहिल्या दिवशी... मला माहीत होतं काय होणार ते. तरी मी हात मागे घेतला नाही.' काकू पुण्याला परत गेल्या, तेव्हा दिवसाचा उजेड होता, म्हणून शुभदाला त्यांना सोडायला विमानतळावरही जाता आलं नाही.

त्यानंतर तिनेच तोडगा काढला. सूर्य मावळल्यावर माझं राज्य! एका रविवारी मला आणि रेवाला लिटिल इंडियात पिटाळलं, सुतळीचे गुंडे आणायला. मग घरातच आम्ही तिघी दोरी वळत बसलो, एका टोकाला रेवा, एका टोकाला मी, आणि शुभदा मधोमध पिळ्यावर हात फिरवत, 'उलटा पीळ, उलटा पीळ!' म्हणून ओरडत. मनगटाएवढी जाड दोरी झाली. तिला तिने वीज चमकावी तशा नागमोडी कापलेल्या कागदाच्या पांढऱ्या पट्ट्या लावल्या. जपानात देवळांना असते तशी. बेडरूमच्या दाराला दोन हूक ठोकले. महेशने येऊन बघितलं आणि म्हणाला, 'अडखळून पडेल कुणीतरी. छातीच्या उंचीला लाव.' लावली. रोज संध्याकाळी उजेड गेला की शुभदा बेडरूममधून बाहेर यायची आणि पाठीमागे दोरी अडकवायची. झोपायच्या वेळेपर्यंत कुणीही आत जायचं नाही. मी म्हटलं, 'तुला ती दोरी आवडत नव्हती ना?' 'दुसऱ्यांनी बांधलेली आवडत नव्हती,' ती म्हणाली. 'ही माझी मी बांधते.'

मग मी बूट घालून यायची. आम्ही दोघी तळ्यापर्यंत चालायचो, हॉकर सेंटरमधल्या टपरीवर कोपी, म्हणजे इथली कॉफी, प्यायचो, ती पावलोपावली बसायची, आणि तोंडाचा पट्टा चालूच. काही दिवस महेशसुद्धा लवकर यायला लागला आमच्याबरोबर. काखेत छत्री, अंधारातसुद्धा! ती त्याला चिडवायची, 'अरे, चंद्रापासून वाचवतोस का मला?' तो ओशाळून हसायचा. त्या काही महिन्यांत ते दोघं पुन्हा एकमेकांना भेटत होते.

शेवटच्या फेरीला ती फार दमली होती. बाकावर बसून म्हणाली, 'मला माझं काही नाही गं. महेशची काळजी वाटते. मी गेले की हा आत जाऊन बसेल. रेवा बाहेर राहील एकटी.' मी म्हटलं, गप्प बस, काहीतरी अभद्र बोलू नकोस. ती ऐकते थोडीच! 'नुसत्या हाका मारत बसू नका त्याला. सांगितलंय ना मी तुला.' त्यानंतर तिला छातीत संसर्ग झाला. अंगाची ताकद औषधांनी मारलेली, ती कशाशी लढणार? ऊन नव्हतं, काही नव्हतं. एवढे पडदे, एवढ्या चिकटपट्ट्या, आणि मरण साध्या खोकल्यातून आलं.

आणि महेश आत जाऊन बसला. तेरावा झाल्यावर त्याने बेडरूमचं दार लावून घेतलं ते लावलंच. पडदे तसेच. कामावर रजा. मी रोज डबा घेऊन जायची, वरण-भात, कधी थालीपीठ. दारावर टकटक करायची. 'महेश, दोन घास खा रे.' 'महेश, पोरीकडे बघ.' आतून एकदा 'हो' यायचं आणि संपलं. कंपनीच्या बसमधले त्याचे मित्र आले, दाराशी उभं राहून बोलून गेले. काकूंनी पुण्याहून फोनवर गयावया केली. काही नाही! रेवा हॉलमध्ये एकटी ताट घेऊन बसायची, समोर ते बंद दार. एका संध्याकाळी ती खाता खाता थांबली आणि म्हणाली, 'मावशी, एव्हरीवन से आय लॉस्ट माय मदर. बट आय लॉस्ट टू पीपल, यू नो.' आणि मग सवयीने, 'नेव्हर माइंड, लाह.' त्या 'नेव्हर माइंड'ने माझ्या डोक्यात तिडीक गेली. कुणावर ते मलाही कळेना. शुभदावर, महेशवर, त्या वरच्या बाईवर, सगळ्यांवरच.

मी ताडकन उठले. बाथरूममध्ये गेले, निळ्या टबातले चिमटे जमिनीवर ओतले, टब आणून बंद दारासमोर दाणकन उपडा घातला. पदर नव्हता, ओढणी खोचली. रेवा म्हणाली, 'मावशी, व्हॉट आर यू डूइंग?' मी चढले. आणि नाचले. रडत रडत नाचले, खोटं कशाला सांगू? पाय आपटले, फुगड्यांच्या उखाण्यांत सुचेल ते कोंबलं, सुसानोओला शिव्या दिल्या, त्या चंद्राच्या सोवळ्याला शिव्या दिल्या. रेवा आधी घाबरली, मग तिच्या तोंडातून फस्सकन हसू आलं, आणि मग तिला ते थांबवताच येईना. पोरगी डोळे पुसत, पोट धरून हसत होती. त्या घरात किती दिवसांनी कुणी हसलं! आणि टब पायाखाली कड्ड् करून वाजला.

दार उघडलं. 'नीलाताई! उतरा आधी!' दाढी वाढलेली, अनवाणी, सदऱ्याची बटणं खालीवर. 'त्याला तडा आहे, माहीत नाही का तुम्हाला? पाय आत गेला तर केवढ्याला पडेल!' आणि धावत येऊन त्याने माझा कोपर धरला. ना हसण्याने, ना आरशाने. सुरक्षा विभागाचा माणूस बाहेर आला तो फुटक्या टबाच्या आवाजाने. त्याने मला उतरवलं, वाकून टब सुलटा केला, चिरीवरून बोट फिरवलं. तो बघत असतानाच रेवाने दाराशेजारच्या खुंटीवरची आईची दोरी काढली आणि त्याच्या पाठीमागे दाराच्या दोन्ही हुकांत अडकवली. आईसारखीच, आवाज न करता.

महेश वळला. दोरी दिसली तसा तो जागीच थांबला. छातीएवढ्या उंचीवर होती, त्यानेच सांगितलेल्या. खालून वाकून सहज आत जाता आलं असतं. तो पुढे गेला. त्याने दोरीवर हात ठेवला, एका टोकाला हिसडा देऊन बघितला, मग दुसऱ्या टोकाला, कामावर सगळं तपासतो तसा. कागदाची एक पट्टी दुमडली होती ती बोटांनी सरळ केली. तो पाठमोरा होता, पण त्याचे खांदे हलत होते. रेवा त्याच्या बाजूला जाऊन उभी राहिली. 'नीट अडकवलीयस,' तो तिला म्हणाला.

बाहेर उजेड गेला होता. मी म्हटलं, 'बूट घाल.' त्याने घातले. दाराबाहेर पडताना त्याने सवयीने काळी छत्री उचलली, काखेत धरली, दोन पावलं गेला आणि थांबला. मग परत येऊन ती त्याने दाराआड ठेवली, आणि आम्ही तिघं लिफ्टकडे निघालो.